उणे एक

आमची इमारत नऊ मजल्यांची.
मुंबईचा पाहुणा मान वर न करताच मोजून टाकतो.
पण पणजीत, पाटोवर, खाडीच्या काठाला
नऊ म्हणजे पुष्कळ.
काचेतून पलीकडच्या मळ्यातली कौलं दिसतात,
आणि अंधारलं की मांडवीतल्या कॅसिनोंचे दिवे
आमच्या फाइलींवर जांभळे पडतात.

दुसऱ्यावर विमा. चौथ्यावर बँकेचं विभागीय कार्यालय.
सहाव्यावर म्युच्युअल फंडवाले, त्यांची कॉफी भारी.
सातव्यावर मी, इमारतीचे हिशेब,
म्हणजे या सगळ्यांच्या दिव्यांचे, नळांचे,
लिफ्टच्या ग्रीसचे.

नोकरीच्या दुसऱ्याच महिन्यात एक ओळ अडली:
तळघर, पाणी उपसणे, डिझेल.
एका दिवशी चाळीस लिटर, एका दिवशी एकशे दहा.
आणि जानेवारी तर कोरडा खडखडीत.
ऑडिटरने पेन्सिलीने गोल काढून विचारलं होतं, का?

लिफ्टमध्ये उणे एक दाबलं.
गाड्यांच्या मागे, खारट वासात
सांतान बसला होता पंपाशेजारी,
पाय पालथ्या बादलीवर.
मंडूरचा. त्याचा बाप खाजनाच्या मानशीवर होता,
भरतीला दारं लावायची, सुकतीला उघडायची,
अधल्यामधल्या वेळात काळुंद्रं धरायची.
"पुनवेक चड," सांतान म्हणाला, "आठमेक उणें."
जणू हे पहिलीच्या पुस्तकात असतं.
मग चपलेच्या टाचेने फरशीवर दोनदा ठोकलं,
खाली कोण राहतं ते दाखवावं तसं.

वर येऊन मी शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं: चंद्र.
ऑडिटरने खोडून लिहिलं: नियमित देखभाल.
तेही बरोबरच होतं म्हणा.

तेव्हापासून बिलं मी तिथी बघून पास करू लागले.
डिचोलीला आई एकादशीसाठी पंचांग उघडायची,
मी डिझेलसाठी.
अमावास्या, एकशे पाच: ठीक.
अष्टमी, अडतीस: ठीक.
एका पौर्णिमेच्या दुसऱ्या सकाळी
सहाव्यावर लिफ्ट उघडली तर आत कुर्ली.
एकटी. नांग्या उगारून, आरशासमोर.
फंडवाल्यांनी व्हिडिओ काढला.
सांतान आला, तिला टोपीत घालून जिन्याने घेऊन गेला.

मग गेल्या मार्गशीर्षातली अष्टमी:
ब्याण्णव लिटर.

माणूस बरा वाटला म्हणून आकडा सोडायचा नसतो.
डिझेल बाटलीतून विकता येतं, हे मलाही माहीत आहे.
पुन्हा उणे एक.

सांतान उठला नाही. नुसतं बोट दाखवलं.
खांबावर त्याने तेलरंगाच्या रेघा मारल्या होत्या,
तिथीवार, अकरा वर्षांच्या,
पोराची उंची चौकटीवर मांडतात तशा.
सगळ्याच वर सरकत आलेल्या.
आठमेच्या जरा घाईने.
सगळ्यात वरची रेघ अजून हाताला लागत होती,
माझ्या बोटाला निळं चिकटलं.

"म्हजी चूक न्हय," तो म्हणाला.
त्याला बहुतेक वाटलं मी कॅन मोजायला आले आहे.
मी त्यासाठीच आले होते.

पंपाच्या आवाजात पुढचं काही बोलता आलं नाही.
तो सरकून बसला, बादलीवर मला जागा झाली,
आणि आम्ही दोघं ते काळं पाणी
पाइपातून जिथून आलं तिथेच परत जाताना
पाहत राहिलो.

वर आले. सही केली.
टेबलावर चौथ्या मजल्याचा निरोप होता:
एसीतून थेंब पडतात, माणूस तातडीने पाठवा.
पाठवला.
पुढल्या वर्षाचं अंदाजपत्रक परवा द्यायचं आहे.
पाणी उपसणे, या ओळीसमोर
मी लिटरचा रकाना थोडा रुंद आखला आहे.
कोणी विचारलं तर सांगेन,
पट्टी हलली.