पाट्या

माझं काम पाट्यांचं.
काळ्या पुठ्ठ्यावर पांढरी अक्षरं.
पडद्यावरची माणसं नुसते ओठ हलवायची,
बोलायचो मी.

केतकीचं काम यल्लूबाईला, गडहिंग्लजकडची.
पहिल्या रिळात ती दरबारात सडा घालते,
तिसऱ्यात राजाच्या डाव्या हाताला बसते,
पाचव्यात तिची भुवई हलली की किल्लेदार बदलतात.
पाटी : नाटकशाळेपुढे दौलत वाकली!

"नाटकशाळा म्हंजे?" तिनं ब्रशाकडं बघत विचारलं.
राजानं ठेवलेली बाई, मी म्हटलं.
"आणि मालकांचा हा कारखाना?
हितं कोण कुणाला ठेवतंय?"
मी 'दौलत'चा काना पुन्हा गिरवला.

शूटिंग रंकाळ्याच्या काठाला.
सिंहासन देवदाराचं, वर बेगड.
साज पितळेचा, उन्हानं तापायचा,
रोज संध्याकाळी तिच्या गळ्याला
खोबरेल लावलेलं दिसायचं.

सातवं रीळ.
राजा, म्हणजे तालमीतला दाजी शिंगटे, बोट दाखवतो.
ती पायरी उतरते. साज काढून ठेवते.
वळते.
ओठ हलतात, बराच वेळ हलतात.
मी रात्र जागून पाटी केली :
महाराज, दिलेलं नेलंत. न दिलेलं कसं न्याल?
मालक म्हणाले, वा!

पहिल्याच खेळाला तंबूभर बाया पदरात रडल्या.
हसला एकटा अप्पा गुरव, फुटाणेवाला,
जन्माचा बहिरा, ओठ वाचून गिऱ्हाईक करणारा.
खेळ सुटल्यावर खुणेनं विचारलं, काय रं?
त्यानं अंगठा बोटावर घासला.
मग तीन बोटं.
तीन महिन्यांचा पगार.

पुढं बोलपट आले.
यल्लूबाईच्या मराठीत कानडी हेल निघाला,
माझ्या पाट्या चुलीत गेल्या.
रिळं वजनावर विकली. धुऊन काढलेली चांदी
गुजरीत कुणाच्या तरी वाळ्यात गेली असेल,
उरलेल्या पट्ट्यांच्या म्हणे बांगड्या झाल्या.
टेंबलाईच्या जत्रेतून लेकीनं तसल्याच आणल्या,
पिवळट, आरपार.
कंदिलापुढं धरून बघितल्या एकेक.
लेक म्हणाली, तडा शोधताय काय, बाबा?

यल्लूबाई त्यानंतर एकदाच दिसली.
लक्ष्मीपुरीत, मिरच्यांच्या ढिगापाशी देठं खुडत होती.
मला ओळखलं. ओठ हलले, बराच वेळ हलले.
मधून बैलगाड्या, हमाल, लिलावाची बोंब.
एक अक्षर कानावर आलं नाही,
आणि अप्पा नेमका बरोबर नव्हता.