ब्रेक तापतात

पाचव्या दिवशी नळाला पाणी आलं
त्याच रात्री अपडेटही आलं, अकरा जीबी.
आई घागरी भरत होती, मी टक्के मोजत होतो.
टाकी आधी भरली.

काय काय बदललं ते लिहून आलेलं:
टायर आता झिजतात.
पत्रा जिथं धडकेल तिथंच चेपतो,
हौद्यातला माल वळणावर सरकतो.
आणि शेवटी, आठवलं म्हणून लिहिल्यासारखं,
ब्रेक तापतात.

इरण्णामामा माझ्या गाडीला कधी गाडी म्हणाला नाही.
एकवीस वर्षं दहाचाकी चालवली त्यानं,
अक्कलकोट रोडवरून चादरींचे गठ्ठे हैदराबादला,
येताना मिळेल ते.
मागं एकदा पडद्याकडं बघून म्हणाला,
"बारा टन भरलंय ना बे?
मग ही शेळीसारखी उड्या का मारती?"
गेम बनवणाऱ्यांना हेच कुणीतरी कळवलं असणार,
कुठल्यातरी देशातल्या कुठल्यातरी मामानं.

आज प्लास्टिकचं स्टिअरिंग त्याच्यापुढं सरकवलं.
त्यानं चप्पल काढली.
तुळजापूरचा घाट मीच रचलाय,
दोन महिने, फोनमधल्या फोटोंवरून.
पहिल्या वळणाआधीच त्यानं गिअर उतरवला.
"इथं चिंच होती."
मी चिंच टाकली नव्हती.

तिसऱ्या उतारावर कोपऱ्यातली चकती लाल झाली.
पेडल तळाला, गाडी तशीच.
मी असतो तर दरीत घातली असती,
पत्रा कसा चेपतो ते बघायला.
मामानं दुसरा टाकला,
डोंगराच्या अंगाला घासत घासत आणली,
उभी केली. इंजिन बंद.
हात मांडीवर.

"आता?"
"तडी."
"रिसेट दाबलं की थंड होतात, मामा."
"तडी म्हटलं की."

पंखा गरम हवाच ढवळत होता.
शेजारी गाजुलांचा माग खटखटत होता.
पडद्यावर एक ट्रक नुसता उभा,
त्यावर ऊन.
लालची नारिंगी व्हायला नऊ मिनिटं लागली.
तेवढ्यात मामानं बिडी काढली, हुंगली,
परत बंडलात घातली.

"बरं केलंय," म्हणाला. "पण आधी वास येतो.
लायनर जळल्याचा. चकतीच्या आधी नाकाला कळतं.
लिही त्यांना."

लिहायला बसलो.
तक्रार कशाबद्दल, त्यांनी विचारलं:
चित्र, आवाज, चाकं, इतर.
मी इतर दाबलं.
मामा अजून चप्पल घालत नव्हता.