दहातले तीन

खानापुरात स्टेशन रोडला माझं दुकान,
चहाच्या गाड्यामागं, फूटभर कमी पडलेलं.
स्क्रीन बदलून मिळेल. चार्जिंग पिन बदलून मिळेल.
आणि पाटीवर न लिहिलेलं: कार्ड भरून मिळेल.
तीस रुपयांत बत्तीस जीबी,
कानडी, मराठी, तेलुगूवर हिंदी चढवलेलं,
काय पाहिजे ते सांग.

म्हणून तर मंडळानं मला परीक्षक केलं.
परशाला सिनेमातलं कळतं, म्हणाले.
आपल्या भागातल्या पोरांच्या अकरा फिल्मा,
त्यातल्या तीन दसऱ्याला पडद्यावर.
दहा त्यांनी आणून दिल्या. अकरावी
साठ रुपये भरून बघायची होती.

साठ!
मला हसू आलं. दोन कार्डांची कमाई.
रात्री शोधली तर फुकट सापडली,
नव्वद एमबीची, खाली रमीची जाहिरात नाचणारी.
नाव 'दुसरी भट्टी'. एक्केचाळीस मिनिटं.
बंद पडलेल्या कौलांच्या कारखान्यात
बसाप्पा नावाचा म्हातारा फिरतो,
कानडीत पुटपुटतो, मग मराठीत हाक मारतो, गंगू,
आणि गप्प उभा राहतो.
पुन्हा हाक. पुन्हा गप्प.
मधली सहा मिनिटं भट्टीच्या आत, नुसता काळोख.
आवाज डाव्या कानातच, डबक्यातून आल्यासारखा.

वहीत लिहिलं:
उजेड नाही. आवाज नाही. मधेमधे रिकामी.
दहातले तीन.
झोप छान लागली.
आणि फिल्म लहान, म्हणून ज्याच्या कार्डात जागा उरेल
त्याच्या कार्डात सारत गेलो,
भाजीवर कोथिंबीर टाकतात तशी.

दिवाळीच्या तोंडावर एक मुलगी आली,
मलप्रभा गुंजीकर. स्पीकर घुसमटलेला.
फोन उघडला तर आत लाल भुगा.
हे काय गे?
कौलाचं आहे मामा. चौदा दिवस शूटिंग केलं की ह्याच्यावर.

ब्रशनं भुगा काढत राहिलो. मान वर केली नाही.
ती बोलत होती. बसाप्पाला दिवसाला पाचशे दिले,
नको म्हणत होता,
मी म्हटलं, चाललास की नाही दिवसभर?
बिल साडेचारशे. मी म्हटलं, राहू दे.
का राहू दे? काम केलंस की.
मोजून ठेवले. वर पन्नास सुट्टे मागून घेतले.

त्या रात्री साठ रुपये भरले.
हेडफोन लावला.
बसाप्पानं हाक मारली, गंगू,
आणि उजव्या कानात बाई बोलली,
आले की.
एक्केचाळीस मिनिटं ती बोलत होती.
चप्पल घाल, खापऱ्या आहेत.
जेवलास काय.
तिकडं नको, तो दरवाजा लागत नाही नीट.
भट्टीत काळोख नव्हताच. लालावर लाल होतं,
एकेक वीट चाचपणारा हात होता,
आणि शेवटी एका कौलावर, ओलं असताना उमटलेली
बांगडीची कड.

वही काढली. तिनाच्या पुढं काय करायचं सुचेना.
दसरा होऊन गेला होता. पडदा घडी करून
मंडळाच्या कपाटात.

कार्डं अजून भरतो, खोटं कशाला बोलू.
भाडं आहे, आणि लोकांना फुकटाची सवय
मीच लावलीय.
फक्त ती एक फिल्म काढून टाकली. माझ्याकडची.
गावात गेलेल्या पन्नास-साठ कार्डांत
म्हातारा एकटाच हाका मारत असणार.

परवा नंदगडचं पोरगं आलं, कार्ड परत भरायला.
ते म्हातारं लई आवडलं मामा, म्हणालं,
चारदा बघितलं. कुणाला हाक मारुलालंय ते?
साठ रुपये आहेत काय, विचारणार होतो.
त्याच्या खिशात तीस होते, ते माहीत होतं.
स्टुलावर बसवलं, माझ्या फोनवर लावून दिली.
नेता येणार नाही, म्हटलं, इथंच बघ,
आणि हेडफोनचं उजवं बोंड त्याच्या कानात घातलं.

गंगू, अशी हाक आली.
पोरगं दचकून उजवीकडं बघायला लागलं.
तिकडं माझी भिंत,
भिंतीवर लटकलेले चार्जर.