चार पेन्सिल सेल

संगणक म्हणतो, टॅब्लेट सापडत नाही.
मी म्हणते, अरे, तुझ्या पुढ्यातच तर आहे,
हिरवा, कोपऱ्यांवर दातांच्या खुणा असलेला,
पाठीवर एर्लेंडचं नाव, खिळ्यानं कोरलेलं,
त्यातलं एक अक्षर उलटं.

वायर काढते, फुंकर मारते, पुन्हा लावते.
स्ट्रॉमनेसच्या बंदरातून आज फेरी सुटली नाही.
तिकीटखिडकी बंद, म्हणून मी घरी;
आणि घरी आहे म्हणजे रिकामीच आहे,
असं सिग्नीचं मत.
सिग्नी सहा वर्षांची. तिला आजच हवाय
तो समुद्रतळाचा खेळ,
ज्यात खेकडा बेरजा घालतो
आणि चुकलं तर नांगी आपटून गातो.

सापडला.
आता म्हणतो, सेल उतरलेत.
दोन काढले टॉर्चमधले.
वादळाच्या दिवशी टॉर्च रिकामा करू नये,
माझी आई म्हणायची. तिला कुणी सांगू नका.
एक टीव्हीच्या रिमोटमधला.
चौथा भिंतीवरच्या घड्याळातला:
सहा वाजून दहा मिनिटं झाली
आणि मग काही वाजलंच नाही.

आता म्हणतो, जागा शिल्लक नाही.

जागा कुणी अडवलीय ते बघितलं.
अक्षरं गिळणारा बेडूक.
फळांचं दुकान, गिऱ्हाईक अजून दारात उभं.
एक जांभळी बोट, पाच पायांची.
आणि एर्लेंडनं पाळलेला वॉलरस,
नाव बटण,
शेवटचं जेवण: आठ वर्षांपूर्वी.

"काढून टाक," दारातून एर्लेंड म्हणाला,
हातात दुधाचा पेला, डोकं चौकटीला टेकलेलं.
या हिवाळ्यात त्याचा आवाज फुटलाय,
वाक्य एका माणसाचं सुरू होतं, दुसऱ्याचं संपतं.
"सगळं?"
"सगळं. लहान होतो मी तेव्हा."
मग जिना चढायला लागला.
आमच्या जिन्याची सातवी पायरी करकरते.
ती करकरली.
आठवी वाजायला हवी होती.

बेडूक गेला. दुकान गेलं, गिऱ्हाइकासकट.
जांभळ्या बोटीवर बोट ठेवलं, डोळे मिटले.
तरीही जागा कमी.
तेव्हा संगणकानंच सुचवलं:
खेळ गाण्यांशिवाय पाठवायचा का?
मी हो म्हटलं, पटकन, चोरासारखं.

पट्टी सरकू लागली.
मुंगीनं साखरेचं पोतं ओढावं तशी.
एकोणीस. वीस. वीस. वीस.
वायर काढू नका, वायर काढू नका,
सिग्नी श्वास धरून, हात पाठीमागे,
जणू हात पुढे आणले तर ते आपोआप ओढतील.
बाहेर वारा कुणाचा तरी डबा
गल्लीभर फरफटवत नेत होता.

एकाहत्तरवर दिवे गेले.

टॉर्च! मी म्हटलं, आणि लगेच आठवलं.
अख्ख्या घरात दोनच उजेड,
एक देणारा, एक घेणारा,
मधे हातभर वायर.
आम्ही तिच्या दोन्ही बाजूंना बसलो
शेगडीपाशी बसावं तसं.
किती वेळ ते ठाऊक नाही.
भिंतीवर सहा वाजून दहा.

जिना करकरला.
एर्लेंड खाली आला, अंधार आहे म्हणून,
असं त्याचं म्हणणं.

शंभर.
खेकडा वाळूतून वर आला,
तोंड उघडलं, मिटलं, उघडलं.
"हा मुका का?" सिग्नीनं विचारलं.
मी काही बोलले नाही.
एर्लेंडनं पडद्याकडे पाहिलं.
कोपऱ्यात, इतक्या वर्षांचा उपाशी, बटण.
मग माझ्याकडे पाहिलं.
"थोडी जागा उरली होती," मी म्हटलं.

तो जमिनीवर बसला, गुडघे हनुवटीला लावून,
घसा खाकरला,
आणि त्या फुटलेल्या, दोन माणसांच्या आवाजात
खेकडा बोलला:
"सांगा बाईसाहेब, चार आणि तीन किती?"

सिग्नीनं एका हाताची बोटं उघडली.
मग थांबली.
"आधी त्या मिशीवाल्याला जेवायला घाल," म्हणाली,
"मग सांगते."