कौलं

जुन्या इगर्जीतनं धूर निघाला तेव्हा
मी खानापूरच्या बाजारात मडकी वाजवून दाखवत होतो.
कुणी म्हणालं वायरिंग, कुणी म्हणालं मेणबत्ती,
एकानं काहीच न म्हणता मोबाईल वर धरला.

गावचा बंब दुसरीकडं गेलेला.
बेळगावचा निघालाय म्हणे.

मल्लव्वा कोथिंबीर तशीच टाकून आली,
"अय्यो देवरे" करत राहिली,
कुठल्या देवाला, ते काही बोलली नाही.
हुसेनसाबनं लग्नाकडं निघालेला टँकर वळवला.
"त्यांचं गोव्याहून येतंय की, बांधतील परत,"
असं एकजण म्हणाला.
मग बादल्यांच्या रांगेत तोच माझ्या पुढं होता,
शर्ट भिजलेला, खोकत.

छपराची कौलं तडतडून फुटायला लागली.
ती माझ्या बापानं थापलेली.
प्रत्येक ओल्या कौलाला
खालच्या अंगाला तो अंगठा उठवायचा,
वरनं कुणाला दिसू नये असा.
आत तो कधी गेला नाही.
पावसाळ्यात मात्र विचारायचा,
"पास्कू, गळतंय काय रे कुठं?"

सकाळी पास्कू मिनेझिस राखेत घंटा शोधत होता.
मी तुकडे उलटे करत बसलो.
एक सापडला. रेषांसकट.

पंचनामा कन्नडात झाला.
साहेबांनी वाचून दाखवला, भला माणूस,
दोनदा सावकाश.
"सही येते का अंगठा देता?"

मी मराठीत सही केली.
अंगठा खिशात होता.