वही पहिली, मडगाव

फुटबॉलचे खांब उपटले,
तिथंच सुंभाची चटई ताणून खिळे ठोकले.
तरी बांधावरून कुणीतरी ओरडायचाच:
पास दी रे!

गुणलेखक सिप्रियान फुर्तादो.
आधी लाइन्समन होता; झेंडा ठेवून
पेन्सिल घेतली. अक्षर
बाप्तिस्म्याच्या नोंदवहीतलं, तिरकं, सावकाश.

डावानं हरलो. परत डावानं.
पान सातवर आमच्याकडून सर्वाधिक धावा
अवांतर, एकतीस.
त्यापुढं त्यानं उद्गारचिन्हसुद्धा दिलेलं नाही.

रायतूरकर, यष्टिरक्षक,
बोट फुटलेलं असताना सही करायला आला.
तो डाग आता तपकिरी झालाय,
पंचांच्या नावावर.

मग पान एकोणीस.
गावणेकर, अकरावा, ज्याला बॅट कशी धरायची
हे आदल्या रात्री लॉजच्या जिन्यात शिकवलं होतं,
आणि त्याच्यासमोर उल्हास बोरकार:
शेवटच्या जोडीला काढायचे चौपन्न चेंडू.

चौपन्न ठिपके.
एकही धाव नाही, घाईही नाही.
सिप्रियाननं पेन्सिल इतकी दाबलीय
की पान उलटून बोट फिरवलं
तर अजून लागतात, एकेक.

शेरा: अनिर्णित.
आणि खाली कोपऱ्यात, बारीक,
घरी जाताना पाव. सहा.
खोडून, आठ.