४१७ आणि ४१८

अ‍ॅल्युमिनियमचा बिल्ला, त्यावर ठोकलेला आकडा: ४१७.
चार पावलांवर ४१८.
दोन्ही पिन्यन पाइन, दोघांखाली तीच काळी राख,
ॲरिझोनाच्या या डोंगराने कधीतरी ओकलेली,
बुटात शिरली की घरापर्यंत येणारी.

४१७ सरळसोट, शेंड्याला शंकूंचा भार.
४१८ खुजं, पसरट,
दरवर्षी कुणी टाळूवर टपली मारून खाली बसवावं तसं.
टपली मारणारी ही एवढीशी अळी.
कोवळा शेंडा पोखरते, आतच राहते, आतच जेवते.
४१७कडे मात्र फिरकत नाही.
त्याच्या डिंकातच काहीतरी आहे,
बीजातून उतरलेलं.

खाण तशी माती, म्हणतो आपण.
इथे माती एकच आहे, खाणी दोन.

अर्डिथ दर शरदात येते.
पिकअपमध्ये जुनी चादर, दोन नाती, कॉफीचा थर्मास.
चादर ४१७खाली.
"त्या बुटक्याकडे काय आहे?"
तिच्या आधी निळे जे पक्षी येऊन गेलेले असतात
गळ्यात बिया कोंबून,
तिच्यानंतर उंदीर येतात, उंदरांमागे घुबड.
डिंकातल्या चिमूटभर कडवटपणावर
केवढी पंगत उठते!
मी वहीत सगळ्यांची पानं मोजायचो.
४१८च्या पानावर फक्त: अळ्या, अळ्या, अळ्या.

मग ते वर्ष आलं, हिवाळ्यात बर्फच न पडलेलं.
जूनपर्यंत ४१७ शेंड्याकडून तांबूस होत गेलं.
मी लिहिलं: मृत.
४२१ मृत. ४३० मृत.
पेन झटकलं, पुन्हा लिहिलं.
खुजी बहुतेक उभी होती.
हिरवी. कुरतडलेली. उभी.

४१८ची मुळं हलकेच उकरली,
तर टोकाटोकाला वेगळ्याच बुरशीचे मोजे,
४१७च्या मुळांवर कधी न दिसलेले.
कुणाला घरात घ्यायचं, तेही बीजातच लिहिलेलं असावं;
त्याच्या रोपांकडेही तीच बुरशी येते,
आणि बहुधा कोरड्या राखेतूनही
घोटभर पाणी शोधून आणते.
बहुधा. एवढंच मला लिहिता आलं.

शरदात अर्डिथ आली. चादर गाडीतच राहिली.
पक्षी त्या वर्षी दुसऱ्याच डोंगरावर गेले होते.
वाळलेल्या ४१७ला तिने हात लावला,
मग ४१८भोवती एक फेरी मारली,
एक शेंडा मोडून नाकाशी धरला.

"ती अळी अजून आहे यात?"
आहे, म्हटलं.
"बरं," ती म्हणाली,
आणि नातींना कॉफी देऊ नये हे विसरून
तिघींसाठी तीन कप भरले.